डंकेर्नचं बिरुद आणि अल नस्रची मार्था

वसईकडच्या भुईगावच्या तुस्कानोंची मार्था दोह्याला आली ती शहाण्णव साली, वयाच्या एकोणचाळिसाव्या वर्षी. लग्न राहून गेलं होतं. का राहिलं ह्याच्या गावात तीन कहाण्या होत्या आणि तिन्ही खोट्या. खरं एवढंच, की धाकट्यांचं बघता बघता हिची वेळ टळली, आणि टळली तेव्हा हिला म्हणावं तेवढं वाईटही वाटलं नाही. मुंबईला फोर्टात एका वकिलाकडे सोळा वर्षं टायपिंग केलं. वकील वारला, ऑफिस बंद झालं. धाकटा भाऊ चार्ल्स दोह्याच्या हॉस्पिटलात एक्स-रे काढायचा, त्याने कुणाकडून तरी व्हिसाची सोय लावली. दोह्यातल्या अल नस्र भागात एका शिंप्याच्या दुकानावर दोन खोल्या होत्या. त्यात चार्ल्स, त्याची बायको प्रिन्सी आणि मार्था. स्वयंपाकघराची खिडकी उघडली की समोरच्या भिंतीवरचे सहा एसी तोंडावर गरम वाफ सोडायचे, म्हणून ती खिडकी कधी उघडायचीच नाही असं ठरलेलं.

ऑफिस गॅसच्या प्लांटना पाइप आणि वाल्व पुरवणाऱ्या कंपनीचं. मालक कतरी, तो महिन्यातून एकदा यायचा, कॉफी प्यायचा, सगळ्यांच्या घरची चौकशी करायचा आणि जायचा. बाकी सगळा कारभार मॅनेजरच्या हातात. मॅनेजर स्कॉटलंडचा. नाव ह्यू टॉरन्स, वय साठीच्या आसपास, मान टोमॅटोसारखी लाल, भुवया कापसासारख्या. वीस वर्षं अरबांच्या मुलखात काढून अरबी शिकला होता फक्त दोन शब्द. काम सांगताना "यल्ला" आणि काम झाल्यावर "खलास".

मार्थाची कामाची एक पद्धत होती, फोर्टातल्या वकिलाने लावलेली. साहेबाची चूक साहेबाला तोंडावर सांगायची नाही. छोट्या पिवळ्या चिठ्ठीवर पेन्सिलीने लिहायचं, "सर, हे एकदा पाहावं," आणि ती चिठ्ठी कागदाच्या कोपऱ्याला चिकटवायची. टॉरन्ससाहेब चिठ्ठी वाचायचा, चूक दुरुस्त करायचा, चिठ्ठी चुरगळून टोपलीत टाकायचा. मार्थाच्या चिठ्ठ्यांनी त्याचे दोन करार बुडता बुडता वाचवले होते. त्याने कधी "थँक यू" म्हटलं नाही, आणि तिनेही वाट पाहिली नाही. टाइप करणाऱ्या बाईचं कुणी नाव घेत नाही हे तिला ठाऊक होतं.

अठ्ठ्याण्णवमध्ये साहेबाला लॉर्ड व्हायचं वेड लागलं.

झालं असं, की त्यांच्या देशात डंकेर्न नावाचं एक खोरं आहे आणि त्या खोऱ्यावरून "लॉर्ड डंकेर्न" असं एक बिरुद होतं, टॉरन्स आडनावाच्या घराण्याचं. चारशे वर्षांपूर्वी तिथला राजा पुरात अडकला, तेव्हा ह्यांच्या कुणा पूर्वजाने त्याला घोड्यावर घालून नदीपार नेलं. राजाने खूश होऊन बिरुद दिलं आणि कागदावर लिहून दिलं, की हे थोरल्या वारसाकडे जाईल, मग तो मुलगा असो की मुलगी, मात्र थोरल्याची शाखा आधी. पुढे एका लॉर्डने बंडखोर राजपुत्राची बाजू घेतली, राजपुत्र हरला, आणि बिरुद, जमीन, घर सगळं गेलं. ऐंशी वर्षं घराणं नुसतं टॉरन्स होतं, आपल्यासारखं. मग पणतवाने अर्ज करकरून बिरुद परत मिळवलं. त्याचा नातू घोड्यावरून पडून मेला, मागे मूलबाळ नाही. तेव्हापासून एकशे दहा वर्षं बिरुद पडून होतं, कुणी उचलून घेईल म्हणून वाट पाहत.

साहेबाचं म्हणणं होतं की ते त्याचं आहे. परत मिळवणाऱ्या त्या लॉर्डला एक धाकटा भाऊ होता. त्या भावाचा थोरला मुलगा जॉर्ज, आणि जॉर्जचा पणतू हा ह्यू टॉरन्स. एडिंबरोला अशी बिरुदं तपासणारी कचेरी असते, तिथे घराण्याचा सगळा इतिहास पुराव्यानिशी द्यावा लागतो. तो इतिहास साहेब सांगणार आणि मार्था टाइप करणार. कंपनीच्या वेळात, कंपनीच्या कागदावर. पाइप राहिले बाजूला. सकाळी अकरापर्यंत सतरावं शतक चालायचं.

मार्थाला त्याचा कंटाळा आला नाही, हे खरं सांगायला पाहिजे. तिला आवडायचं. घरी येऊन प्रिन्सीला भाजी निवडता निवडता सांगायची, आज कुणी कुणाला विहिरीत ढकललं, कुणी कुणाची गुरं पळवली. प्रिन्सी म्हणायची, ही लॉर्ड लोकं आपल्या वाडीतल्यांपेक्षा वाईट वागतात गं.

नव्व्याण्णवच्या फेब्रुवारीत, एका मंगळवारी संध्याकाळी, भुईगावहून फोन आला. आय गेली. बसल्या बसल्या गेली, हातात पानाचा देठ होता. शेजाऱ्यांनी सांगितलं, बर्फावर ठेवतो, गुरुवारी संध्याकाळी चारची माती ठरवतो, तोवर दोघं या.

आता कतारमध्ये त्या काळी असं होतं, की तुमच्या खिशात तिकीट असलं, पासपोर्ट असला, तरी देशाबाहेर जायला "खुरूज" लागायचं. म्हणजे तुम्हाला कामावर ठेवणाऱ्याने सही करून सांगायचं की हिला जाऊ द्या. सही नाही, तर विमान नाही. चार्ल्सच्या हॉस्पिटलने बुधवारी सकाळी आठला सही दिली, तो दुपारच्या विमानाने गेलासुद्धा. मार्थाच्या कंपनीत सही होती टॉरन्ससाहेबाची. सरकारी कचेऱ्यांतून कागद फिरवून आणायचं काम वलीकडे होतं. त्या माणसाला तिथे मंदूब म्हणतात. वली बिचारा फॉर्म भरून, मोटारीची चावी हातात घेऊन उभाच होता. म्हणाला, बारापर्यंत सही मिळाली तर आजच काढून आणतो. नंतर गुरुवार-शुक्रवार सुट्टी, थेट शनिवार.

मार्था साडेआठला केबिनमध्ये गेली. साहेबापुढे इतिहासाचा पहिला भाग पडला होता, एक वाजता कुरिअर येणार होता. तिने सांगितलं, आई वारली, सही हवी आहे. साहेबाने मान वर केली, वाईट झालं म्हणाला, आणि अकरा पानं तिच्याकडे सरकवली. आधी हे पूर्ण कर, मग सही.

तिने पुन्हा सांगितलं, की उद्या माती आहे.

तेव्हा तो म्हणाला, "मेलेली माणसं कुठे जात नाहीत, मार्था. कुरिअर जातो. आधी हातातलं काम, मग सही. यल्ला."

मार्थाने अकरा पानं टाइप केली. एकाही पानावर चूक नव्हती, हे तिने पुढे कितीदा तरी सांगितलं, जणू त्यातच सगळं आलं. अकरा वाजून वीस मिनिटांनी ती पानं घेऊन केबिनमध्ये गेली तर खुर्ची रिकामी. साहेब कुणा पाहुण्याला घेऊन समुद्रकाठच्या हॉटेलात जेवायला गेला होता. मोबाइल लावला तर टेबलाच्या खणात वाजला. वली हॉटेलात धावला, एका हॉटेलात नाही, तीन हॉटेलांत. साहेब चारला परतला, कोळंबीचा वास घेऊन. फॉर्म समोर दिसला, सही केली आणि म्हणाला, झालं की, खलास.

गुरुवारी चारला चार्ल्सने एकट्याने आयला माती दिली. मार्था रविवारी पोचली. तोवर फुलंसुद्धा सुकली होती. बायकांनी तिला सांगितलं, आयचा चेहरा अगदी शांत होता, झोपल्यासारखा. ती म्हणाली, हो का. तिला तो चेहरा पाहायचा होता. ऐकायचा नव्हता.

परत आली तेव्हा ती रडली नाही, बोलली नाही, साहेबाला गुड मॉर्निंग म्हणाली आणि मशीनसमोर बसली. प्रिन्सीला वाटलं, सावरली. पण जी बाई आठवड्याला तीनदा शेवग्याच्या शेंगा महाग झाल्या म्हणून बडबडायची ती एकाएकी गप्प झाली, तर ते सावरणं नसतं, हे प्रिन्सीला कळायला वय पुरेसं नव्हतं.

आणि मार्चमध्ये साहेबाने तिला लेडी ग्रिझेलची गोष्ट सांगितली.

लेडी ग्रिझेल म्हणजे दुसऱ्या लॉर्डची बायको. नवरा लढाईत मेला. घराण्याचं दफन नदीपलीकडे व्हायचं आणि नदीवर एकच पूल, तो शेजारच्या जहागीरदाराच्या ताब्यात. जुनं भांडण होतं. त्याने प्रेत पुलावरून जाऊ दिलं नाही. तीन दिवस ती बाई पावसात शवपेटीपाशी उभी राहिली आणि शेवटी नवऱ्याला अलीकडच्या काठावर, परक्या मातीत पुरून घरी गेली. काही बोलली नाही. अकरा वर्षं. बाराव्या वर्षी त्या जहागीरदाराच्या एकुलत्या मुलीचं लग्न ठरलं, नवरदेव डोंगरापलीकडचा, आणि त्या डोंगरातली खिंड लेडी ग्रिझेलच्या मालकीची. वऱ्हाड खिंडीच्या तोंडाशी आलं. तिने माणसं उभी केली होती. हिवाळा संपेपर्यंत खिंड उघडली नाही. नवरदेवाने वाट पाहिली, मग दुसरीकडे लग्न केलं, आणि ती मुलगी जन्मभर बापाच्या घरी राहिली.

साहेब ही गोष्ट सांगताना खुर्चीवरून उठला, टेबलावर हात आपटला. म्हणाला, हे आमचं रक्त. प्रेत अडवणाऱ्याला आम्ही सोडत नाही. लिहिलंस ना?

मार्था म्हणाली, "लिहिलं, सर."

तिच्याकडे बघूनही त्या माणसाच्या डोक्यात काही आलं नाही. दीड महिना झाला नव्हता. मार्थाला पहिल्यांदा कळलं की ह्याने वाईट मुद्दाम केलं नव्हतंच. मुद्दाम केलं असतं तर तिने एखादवेळी माफ केलं असतं. त्याच्या लेखी ते घडलंच नव्हतं. त्या दिवशी तिने मनाशी ठरवलं, की ह्या माणसाला लॉर्ड होऊ द्यायचं नाही. कसं, ते माहीत नव्हतं. लेडी ग्रिझेललाही पहिली अकरा वर्षं माहीत नव्हतंच.

ऑक्टोबरात स्कॉटलंडच्या देवळातून बाप्तिस्म्याच्या वहीची नक्कल आली. त्या धाकट्या भावाच्या मुलांची यादी होती. जॉर्ज, अठराशे एक. जेम्स, अठराशे तीन. मार्गारेट, अठराशे पाच. आणि पुन्हा जॉर्ज, अठराशे आठ.

साहेबाने शेवटची ओळ लाल पेनाने खोडली. एकाच घरात दोन जॉर्ज कसे असतील, पाद्र्याने तोच मुलगा दोनदा लिहिला, म्हातारे असतात हे पाद्री, ही ओळ गाळ. आणि तो फोनवर बोलायला लागला.

मार्था त्या कागदाकडे बघत राहिली. त्या दोह्यात त्या कागदाचा अर्थ एका नजरेत कळणारी कुणी असेल तर ती हीच. कारण मार्था स्वतः दुसरी मार्था होती. तिच्या आधी आयला एक मुलगी झाली होती, तिचं नाव आजीवरून मार्था ठेवलं, ती आठ महिन्यांची होऊन गेली. मग ही झाली, तर आजीचं नाव मोकळं पडायला नको म्हणून हिलाही मार्थाच. वसईकडे घरोघरी असंच चालायचं. पहिल्या मुलाला बापाच्या बापाचं नाव, आणि मूल गेलं तर तेच नाव पुढच्याला. देवळाच्या वहीत एका आईबापाची दोन सारखी नावं दिसली, की पहिल्यावर मनातल्या मनात क्रूस करायचा.

म्हणजे अठराशे एकचा जॉर्ज लहानपणीच गेला होता. जगला तो अठराशे आठचा, सगळ्यांत धाकटा. साहेब त्याचा पणतू. आणि थोरली शाखा झाली जेम्सची.

जेम्सची शाखा कोण, हेही मार्थाला पाठ होतं. मिस एल्स्पेथ गाऊ, सत्तरीची म्हातारी, एका मासेमारांच्या गावात जन्मभर सुईणपण केलेली. तिनेही कचेरीत पत्र टाकलं होतं, की माझी आजी जेम्सच्या वंशातली, माझंही म्हणणं ऐका. साहेब तिला मासळीवाली म्हणायचा आणि तिची पत्रं मोठ्याने वाचून हसायचा. तिला पाठवायची खडूस उत्तरं मार्थाच टाइप करायची. मार्थाला तिचा पत्ता पोस्टाच्या आकड्यासकट तोंडपाठ होता.

सवयीने तिचा हात पिवळ्या चिठ्ठ्यांकडे गेला. "सर, हे एकदा पाहावं. पहिला जॉर्ज" एवढं लिहूनही झालं. मग तिने ती चिठ्ठी काढली, घडी करून पर्समध्ये टाकली आणि सांगितल्याप्रमाणे ती ओळ गाळून पान टाइप केलं. नक्कल कपाटात ठेवण्याआधी तिची एक झेरॉक्स काढली. झेरॉक्स मशीनचा आवाज तिला इतका मोठा कधीच वाटला नव्हता.

तिला वाटलं होतं, कचेरीवाले शोधून काढतील. पण दोन हजार सालच्या एप्रिलात साहेबाच्या वकिलाचं पत्र आलं, कागद चोख आहेत, कुणी हरकत सिद्ध केली नाही तर वर्ष-दीड वर्षात निकाल आपल्याच बाजूने. साहेबाने ऑफिसात केक कापला. मार्थाने केकचा तुकडा टिश्यूत गुंडाळून टेबलाखाली ठेवला आणि घरी जाऊन टाकला.

नुसतं गप्प राहून भागणार नव्हतं.

मे महिन्यात प्रिन्सी सुट्टीवर भुईगावला निघाली. मार्थाने त्या झेरॉक्सवर दोन्ही जॉर्जखाली पेन्सिलीने रेघ ओढली आणि खाली मोठ्या इंग्रजी अक्षरांत लिहिलं, की पहिला केव्हा गेला ते दफनाच्या वहीत बघा. नाव नाही, गाव नाही. पाकीट बंद करून प्रिन्सीच्या हातात दिलं, म्हणाली वसईच्या पोस्टात टाक.

प्रिन्सीने पत्ता वाचला. "स्कॉटलंडला तुझं कोण गं, मार्थाबाय?"

"कुणी नाही," मार्था म्हणाली. "नव्या ओळखीची एक सुईण आहे."

प्रिन्सीची नजर नणंदेच्या पंचेचाळिशीला आलेल्या पोटाकडे गेली असणार, कारण दोघीही हसल्या. आय गेल्यापासून मार्था हसलेली प्रिन्सीने पहिल्यांदा पाहिली, म्हणून पुढे काही विचारलं नाही.

मग दीड वर्ष काही नाही. साहेब मात्र कधीच लॉर्ड झाला होता. पत्राच्या कागदावर मुगुट छापून घेतला. क्लबात लोकांनी लाडाने "माय लॉर्ड" म्हणायला सुरुवात केली, त्याने ती थांबवली नाही. दोन हजार एकच्या नोव्हेंबरात स्कॉटलंडच्या लोकांची वर्षाची मोठी मेजवानी होती, एका हॉटेलात, घागरा घालून बाप्ये नाचतात ती. त्या वर्षी साहेब अध्यक्ष. गुरुवारी मेजवानी. टेबलावर ठेवायच्या कार्डांवर "लॉर्ड डंकेर्न" असं साहेबाने छापायला सांगितलं. निकाल आज-उद्या येईलच, म्हणाला. कार्डं टाइप केली मार्थाने.

बुधवारी दुपारी साहेबाने भाषणाची नऊ पानं आणून दिली. पूर्ण कर, मी सहाला घेऊन जातो. चार वाजून दहा मिनिटांनी फॅक्स सुरू झाला.

मार्थाने उभ्या उभ्या वाचलं. गाळलेली नोंद विरुद्ध बाजूने सादर केली आहे. पहिल्या जॉर्जच्या दफनाची नोंद अठराशे चार सालच्या वहीत मिळाली आहे. श्री. ह्यू टॉरन्स यांचा दावा फेटाळण्यात येत आहे. थोरल्या शाखेच्या मिस गाऊ यांचा दावा विचारात घेण्यात येईल.

तिने आवक-शिक्का मारला, वेळ लिहिली, फॅक्स ट्रेमध्ये ठेवला. मग खुर्चीवर बसली आणि भाषण टाइप करायला घेतलं. साहेबाची केबिन दहा पावलांवर होती, दार उघडं होतं, तो आत शीळ घालत होता. उठून दहा पावलं चालली असती तर त्या माणसाची लाज वाचली असती. कार्डं बदलता आली असती, काहीतरी कारण सांगून मेजवानीला दांडी मारता आली असती. मार्थाला हे सगळं दिसत होतं. तिने एक एक ओळ शांतपणे टाइप केली. तिसऱ्या पानावर लेडी ग्रिझेलही होती.

सहाला साहेब भाषण घेऊन गेला. ट्रेकडे त्याने पाहिलं नाही. तो कधीच पाहत नसे, त्यासाठी मार्था होती.

मेजवानीचं सगळं तिला निर्मळ गावच्या स्टेफीने सांगितलं, ती त्या हॉटेलात वाढपाच्या विभागात होती. दोनशे माणसं. प्रमुख पाहुणा खास स्कॉटलंडहून आलेला. विमानात त्याने त्यांचा पेपर वाचला होता, आणि त्यात बातमी होती, सुईणबाईच्या फोटोसकट. पुकारणाऱ्याने "लॉर्ड डंकेर्न" म्हणून पुकारलं. साहेब घागरा सावरत उठला. पाहुण्याला वाटलं की ह्याला कळलेलं आहे आणि ही आपली थट्टा चालली आहे. त्याने प्रेमाने साहेबाच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, हरल्यावर असा हसरा माणूस मी पाहिला नाही, त्या म्हातारीला पण किती आनंद झाला असेल. माइक चालू होता. साहेब म्हणाला, कोण म्हातारी? स्टेफी सांगत होती, त्यानंतर मागच्या टेबलावर कुणीतरी खुदकन हसलं, आणि मग सगळेच.

मार्थाने तिला ते दोनदा सांगायला लावलं.

शनिवारी साहेब फॅक्स हातात घेऊन तिच्या टेबलासमोर उभा राहिला. मानेचा लाल रंग कुठे गेला होता कोण जाणे.

"हा कधी आला?"

"बुधवारी चार वाजून दहा मिनिटांनी, सर. शिक्का मारलाय."

"मला का दिला नाहीस?"

"तुमचं भाषण टाइप करत होते," मार्था म्हणाली. "आधी हातातलं काम."

पाच वर्षांत पहिल्यांदा त्याने तिच्या तोंडाकडे पाहिलं असेल. तिने वाट पाहिली. आता तरी आठवेल, फेब्रुवारी, अकरा पानं, वलीच्या हातातली चावी. पण त्याच्या डोळ्यांत काही उगवलं नाही. फक्त राग होता, आणि रागाखाली एक भोळा गोंधळ, की मी हिचं काय वाकडं केलं. मार्थाला वाटलं होतं त्या क्षणी छाती हलकी होईल. ती झाली नाही. मग तिनेच सांगितलं, मराठीत, कारण हे इंग्रजीत सांगायची तिची इच्छा नव्हती.

"माझी आय दोन दिवस बर्फावर होती."

त्याला ते कळलं नाही. कळावं म्हणून तिने म्हटलंही नव्हतं.

त्याने तिला काढायचं ठरवलं आणि मालकाकडे गेला. मालकाने विचारलं, बाईने काय केलं? आता काय सांगणार? कंपनीच्या वेळात माझ्या लॉर्डपणाचा फॅक्स हिने दाबून ठेवला म्हणून? मालक म्हणाला, चांगली बाई आहे, माझ्या आईची तब्येत नेहमी विचारते. विषय संपला. चार महिन्यांनी साहेबाने स्वतःच राजीनामा दिला आणि दोहा सोडला. लोक त्याला क्लबात अजून "माय लॉर्ड" म्हणत होते, ते सहन होईना. त्या गाळलेल्या नोंदीची झेरॉक्स सुईणबाईला कुणी पाठवली, हे त्याला शेवटपर्यंत कळलं नाही. त्याला वाटलं, वकिलाच्या ऑफिसातून फुटलं. मिस गाऊ पुढच्या वर्षी लेडी डंकेर्न झाली.

सगळं मनासारखं झालं. एक गोष्ट राहिली.

दोन हजार दोनच्या उपवासकाळात मार्था कुमसाराला गेली, म्हणजे आपलं पाप फादरच्या कानात घालायला. तेव्हा दोह्यात देऊळ नव्हतं. शुक्रवारी एका हॉलमध्ये मिस्सा, म्हणजे सामुदायिक उपासना, व्हायची, कोपऱ्यात पडदा लावून फादर बसायचे. तिने सगळं सांगितलं, झेरॉक्स, पाकीट, फॅक्स. फादरनी विचारलं, ह्याचा पश्चात्ताप होतो का?

मार्थाने खरंच मनात शोधून पाहिलं.

"नाही, फादर."

थोडासुद्धा नाही?

"पुन्हा संधी मिळाली तर पुन्हा करीन."

फादर म्हणाले, मग मी पापक्षमा देऊ शकत नाही, आणि तोवर तू ख्रिस्तप्रसाद घेऊ नये. मनाला थोडं नरम कर. तो माणूस आता गेला, तुला काय मिळतंय? मार्था म्हणाली की काही मिळत नाही, पण देवापुढे खोटं बोलायचं तर एकाची दोन पापं होतील. फादरना हसू आलं असावं, पडद्यामागे कळलं नाही. म्हणाले, बरं, मन बदललं की ये.

ती दर वर्षी जायची. "अजून नाही," एवढं सांगायची आणि यायची. फादर बदलले, तरी तिचं उत्तर तेच. जी बाई भुईगावला पहाटेची मिस्सा कधी चुकवत नसे, ती सहा वर्षं ख्रिस्तप्रसादाच्या रांगेत उभी राहिली नाही. चार्ल्सने एकदा विचारलं, आपली आय असती तर तिला हे आवडलं असतं का. मार्था म्हणाली, आय असती तर हे झालंच नसतं, आणि भात वाढला.

दोन हजार आठच्या मार्चमध्ये दोह्याच्या बाहेर वाळूत खरं देऊळ उभं राहिलं, पहिलंच. सगळं वसई, सगळं गोवा, सगळं केरळ लोटलं होतं. बसायला जागा नाही. मार्थाने निळी साडी नेसली होती, प्रिन्सीने केसांत फुलं माळली होती, दुकानातून आणलेली, भारतातून विमानाने आलेली. ख्रिस्तप्रसादाची वेळ झाली. बाकाबाकातून माणसं उठायला लागली. चार्ल्स उठला. प्रिन्सी अर्धी उठली आणि नणंदेच्या कानाशी वाकली.

"आज तरी चल गं, मार्थाबाय. देऊळ नवीन आहे."

"देव नवीन नाही ना," मार्था म्हणाली.

प्रिन्सीच्या डोळ्यांत पाणी आलं. मार्थाने तिच्या हातावर हात ठेवला, आणि मग दोन्ही गुडघे एका बाजूला वळवले, म्हणजे तिला आणि मागच्या सगळ्यांना पुढे जायला वाट होईल. माणसं तिच्यासमोरून एकेक करून गेली, मोठी, लहान, कडेवरची. गायनवाल्यांनी मराठी गीत धरलं, आयच्या तोंडचं, महिन्याच्या शेवटच्या रविवारी म्हणायचं. मार्था बसल्या जागेवरून गायला लागली. तिचा आवाज पूर्वीपासून खणखणीत. पुढच्या चार रांगांतली माणसं मागे वळून बघायला लागली, तरी तिने तो खाली आणला नाही.